सोमवारी मतदान, गोंदियाचं तिकीट काढलं?

सुट्टी टाकायला आपल्याकडे कारणांची कमी नसते. चुलतभावाचं लग्न, मैत्रिणीचा साखरपुडा, गोव्याचा प्लॅन. पण ‘गावी पोटनिवडणूक आहे, सोमवारी येत नाही’ असं बॉसला सांगणारा कुणी पाहिलाय? पाच वर्षांतून एकदा येणाऱ्या मेन पिक्चरलाच आपण जेमतेम जातो, मग मधल्या शोचं काय घेऊन बसलात!

२०१८ च्या मे महिन्यात पुण्या-मुंबईत नोकरी करणाऱ्या भंडारा-गोंदियाच्या पोरापोरींपुढे हाच पेच होता. मतदान २८ मे, वार सोमवार. विदर्भ एक्स्प्रेस किंवा महाराष्ट्र एक्स्प्रेसचं तिकीट मिळवायचं आणि उतरायचं कुठे, तर ऐन नवतपाच्या भट्टीत. तेही अशा खासदारासाठी, ज्याला उरलेलं वर्षही पूर्ण मिळणार नव्हतं.

मुळात ही निवडणूक आलीच कशी? २०१४ मध्ये भाजपच्या नाना पटोलेंनी प्रफुल्ल पटेलांसारख्या बड्या नेत्याला सुमारे दीड लाख मतांनी पाडलं होतं. डिसेंबर २०१७ मध्ये शेतकऱ्यांच्या प्रश्नावरून स्वतःच्याच सरकारवर टीका करत पटोलेंनी खासदारकी सोडली आणि पुढच्याच महिन्यात ते काँग्रेसमध्ये गेले. (ब्रिटनमध्ये खासदाराला सरळ राजीनामाच देता येत नाही. आधी राजाच्या नावाचं एक नाममात्र पद घ्यावं लागतं, मग जागा रिकामी होते. आपल्याकडे लोकसभा अध्यक्षांना पत्र दिलं आणि त्यांनी ते स्वीकारलं की झालं.) जागा रिकामी झाली की सहा महिन्यांत निवडणूक घ्यायची, असा आपला कायदा. म्हणून मे महिना.

खरी धमाल पुढे. काँग्रेसने जागा राष्ट्रवादीला सोडली, म्हणजे पटेलांना हरवणारे पटोले आता पटेलांच्याच पक्षासाठी मतं मागत फिरले. राष्ट्रवादीचे उमेदवार मधुकर कुकडे, तेही तुमसरचे भाजपचे माजी आमदार. समोर भाजपचे हेमंत पटले. कोण कुठल्या पक्षाचा, हे मतदाराने लिहूनच ठेवावं!

मतदानाच्या दिवशी यंत्रांनीच मान टाकली. मत कुणाला गेलं ते सात सेकंद चिठ्ठीवर दाखवणारी व्हीव्हीपॅट यंत्रं ठिकठिकाणी बंद पडली. आधी उन्हाला दोष दिला गेला. यंत्रावर थेट प्रकाश पडल्यामुळे सेन्सर बिघडले, असं निवडणूक आयोगाने नंतर सांगितलं. शेवटी ३० मे रोजी ४९ केंद्रांवर फेरमतदान घ्यावं लागलं. सोमवारची सुट्टी काढून आलेल्याने बुधवारी पुन्हा काय करायचं? ३१ मे रोजी निकाल लागला आणि कुकडे ४८,०९७ मतांनी निवडून आले.

दहा महिन्यांतच आला एप्रिल २०१९. पुन्हा मतदान, आणि जागा परत भाजपकडे. सुनील मेंढे सुमारे दोन लाखांनी जिंकले. २०२४ मध्ये ती काँग्रेसच्या डॉ. प्रशांत पडोळेंकडे गेली. या मतदारसंघाला कुणाची सवय लागत नाही, हे त्याचं खास वैशिष्ट्य!

‘मग त्या दहा महिन्यांसाठी एवढा खटाटोप कशाला?’ हा प्रश्न रास्त आहे. पण याच भागातली एक जुनी पोटनिवडणूक आठवा. १९५४ साली भंडारा मध्य प्रदेशात होता आणि गोंदिया भंडारा जिल्ह्यात. तिथल्या लोकसभा पोटनिवडणुकीत उभे होते साक्षात डॉ. बाबासाहेब आंबेडकर. मतदारसंघ दुहेरी होता, एक जागा राखीव आणि एक सर्वसाधारण, म्हणून प्रत्येकाला दोन मतं. दुसरं मत कुणालाच न देण्याला ‘मत कुजवणं’ म्हणत. तसं करायला आपल्या मतदारांना सांगा, असा सल्ला बाबासाहेबांना देण्यात आला आणि त्यांनी तो धुडकावला, असं सांगितलं जातं. सर्वसाधारण जागेवर समाजवादी अशोक मेहता निवडून आले. राखीव जागा काँग्रेसच्या भाऊराव बोरकरांनी जिंकली. फरक फक्त आठ हजारांच्या आसपास! बाबासाहेब पुन्हा लोकसभेची निवडणूक लढले नाहीत. १९५६ मध्ये ते गेले. हे आठ हजार आठवले की ‘माझ्या एका मताने काय होतं’ हे वाक्य निदान भंडारा-गोंदियात तरी घशात अडकायला हवं.

राहता राहिला बॉस. लोकप्रतिनिधित्व कायद्याच्या कलम १३५ बी नुसार मतदानाच्या दिवशी पगारी सुट्टी मिळते, पोटनिवडणुकीलासुद्धा. तुमचं नाव गोंदियाच्या यादीत आणि ऑफिस हिंजवडीत असलं, तरी हा हक्क लागू होतो, असं आयोगाने स्पष्ट केलेलं आहे. सुट्टी नाकारणाऱ्याला दंड किती? जास्तीत जास्त पाचशे रुपये. म्हणजे टीम लंचचं अर्धं बिलही नाही, त्यामुळे एचआरला मेल जरा आधीच टाका.

आणि हो, यादीतलं नाव आमगाव किंवा देवरीचं असेल तर तिकिटाची घाई नको. जिल्हा गोंदियाच, पण तुमचा खासदार गडचिरोली-चिमूरमधून निवडला जातो.