जिओबॅसिलिन

जिओबॅसिलिन हे 'जिओबॅसिलस थर्मोडिनायट्रिफिकन्स' या उष्णताप्रिय जीवाणूशी संबंधित दोन सूक्ष्मजीवरोधी पेप्टाइडांचे नाव आहे. या जीवाणूचा एनजी८०-२ हा वाण उत्तर चीनमधील खोल तेलसाठ्यात आढळला. त्याच्या जनुकांच्या आधारे मिळवलेल्या या पेप्टाइडांचे वर्णन २०१२ मध्ये प्रसिद्ध झाले.

नामकरण

जीवाणूंनी तयार केलेल्या व अन्य जीवाणूंना मारक ठरणाऱ्या पेप्टाइडांना किंवा प्रथिनांना बॅक्टेरिओसिन म्हणतात. उत्पादक जीवाणूच्या नावाला 'इन' किंवा 'सिन' हा प्रत्यय जोडून त्यांची नावे बहुधा तयार होतात. एकाच जीवाणूची अनेक पेप्टाइडे असल्यास पुढे क्रमांक येतो, उदा. जिओबॅसिलिन १ व जिओबॅसिलिन २. अशा नावावरून पेप्टाइडाचा उगम कळतो, रचना कळत नाही. 'थर्मोफिलिन' हे नावदेखील 'स्ट्रेप्टोकॉकस थर्मोफिलस' या दह्यातील जीवाणूवरून आले आहे. ते पेप्टाइडाच्या उष्णतारोधकतेचे निदर्शक नव्हे.

रचना व गुणधर्म

नाव समान असले, तरी जिओबॅसिलिनांची रचना भिन्न आहे. जिओबॅसिलिन १ हे खाद्यपदार्थ टिकवण्यासाठी वापरल्या जाणाऱ्या नायसिनशी मिळतेजुळते आहे. नायसिनमध्ये गंधकयुक्त पाच आडबंध असतात, तर जिओबॅसिलिन १ मध्ये सात. उदासीन व किंचित अल्कधर्मी द्रावणात ते नायसिनपेक्षा अधिक टिकते. गायींच्या कासदाहास कारणीभूत ठरणाऱ्या 'स्ट्रेप्टोकॉकस डिसगॅलॅक्टिई' या जीवाणूवर ते नायसिनहून अधिक प्रभावी आढळले. जिओबॅसिलिन २ चा प्रभाव मात्र मुख्यतः बॅसिलस वंशातील जीवाणूंपुरता मर्यादित आहे.