शिरढोण : बंडवाल्याचे गाव

कोपरखैरण्याहून पनवेलची गाडी धरावी आणि पनवेलीस उतरून पळस्प्याच्या नाक्यावरून गोव्याच्या रस्त्याला लागावे, म्हणजे कर्नाळ्याचा अंगठ्यासारखा सुळका दृष्टीस पडू लागतो आणि शिरढोण येते. ज्यांचे आजोबा अनंतराव या कर्नाळ्याचे किल्लेदार होते, त्या वासुदेव बळवंत फडके यांचा जन्म ४ नोव्हेंबर १८४५ रोजी याच गावी झाला. सरकारी दफ्तराने ज्यांची नोंद दरोडेखोर म्हणून केली आणि लोकांनी ज्यांना आद्य क्रांतिकारक म्हणून वंदिले, त्यांच्या गावी येणाऱ्याने आख्यायिका आणि इतिहास यांची निवड करणे अगत्याचे आहे.

आजारी आईच्या भेटीसाठी रजा मिळाली नाही, म्हणून लष्करी हिशेबखात्यातील हा कारकून सरकारवर उलटला, असे घरोघर सांगतात. रजेची हकिकत खरी. परंतु केवळ घरच्या दुःखावर बंड उभे राहत नाही. १८७६-७७ च्या दुष्काळात मुलूखभर अन्नान्न करून मरणारी माणसे त्यांनी पाहिली आणि रामोशी, कोळी यांना हाताशी धरून शस्त्र उचलले.

मे १८७९ मध्ये पुण्याचे बुधवारवाडा आणि विश्रामबागवाडा पेटले, तेव्हा संशय फडक्यांवर गेला आणि न्यायमूर्ती रानड्यांवरही सरकारची वक्रदृष्टी वळली. पुढे तहकिकातीत आग लावणारा निघाला तो सरकारी पुस्तकभांडारातील एक कारकून! त्याच महिन्यात पळस्पे आणि चिखली येथे पडलेल्या धाडीही सरसकट फडक्यांच्या नावावर सांगितल्या जातात. वास्तविक त्या धाडींचा म्होरक्या होता फडक्यांचा साथीदार दौलतराव नाईक रामोशी, जो लागलीच बंडवाल्यांच्या मागावर असलेल्या मेजर डॅनियलच्या पाठलागात गोळी लागून पडला. ज्या नाक्यावरून आपण नित्य जातो, तेथे त्याचेही स्मरण व्हावयास हवे.

फडक्यांना डागाळणारी किंवा उजळणारी दंतकथा लागतच नाही, कारण त्यांनी स्वहस्ते आत्मवृत्त आणि रोजनिशी लिहून ठेवली आहे. साथीदारांचे लुटीकडे लागलेले डोळे आणि स्वतःच्या प्रयत्नाचे अपयश त्यांनी तीत लपविले नाही. ते पकडले गेल्यावर चाललेल्या खटल्यात तेच कागद सरकारने त्यांच्याविरुद्ध पुढे केले. जन्मठेपेवर एडनला धाडल्यावर तुरुंगाचे दार बिजागरीतून उखडून ते निसटले, पुन्हा पकडले गेले आणि १७ फेब्रुवारी १८८३ रोजी तेथेच निवर्तले. स्वतःचे अपयशही न लपविता ज्याने खरे तेच लिहिले, त्याच्या गावी उभे राहून आपणही खरे तेच सांगावे, एवढे ऋण शिरढोणच्या मातीचे आपल्यावर आहे.