सही नसलेला तिसरा पक्ष

परक्या देशातील यादवीत सैन्य पाठवावे का, याची चर्चा बहुधा हेतूपाशी थांबते. श्रीलंकेतील भारतीय शांतिसेनेचा अनुभव वेगळा प्रश्न पुढे ठेवतो: ज्यांच्यात शांतता राखायची, त्यांना ती मान्य होती का?

१९८७च्या मे-जूनमध्ये श्रीलंकेच्या लष्कराने जाफना द्वीपकल्पात मोठी मोहीम उघडली. तेथील तमिळ नागरिकांचे हाल होत असताना भारताला स्वस्थ बसणे अवघड होते. ४ जूनला भारतीय विमानांनी जाफन्यावर अन्नधान्य टाकले. २९ जुलैला कोलंबोत राजीव गांधी आणि जयवर्धने यांनी करारावर सह्या केल्या. तमिळबहुल प्रांतांना अधिकार मिळावेत, बंडखोरांनी शस्त्रे खाली ठेवावीत, असे ठरले. मात्र प्रत्यक्ष लढणाऱ्या ‘लिट्टे’ या संघटनेची त्यावर सही नव्हती.

परिणाम लवकरच दिसला. ऑक्टोबरमध्ये शांतिसेनेलाच लिट्टेविरुद्ध ‘ऑपरेशन पवन’ सुरू करावे लागले. जाफना विद्यापीठाच्या आवारात हेलिकॉप्टरने उतरलेल्या शीख लाइट इन्फंट्रीच्या ३० जवानांपैकी २९ मारले गेले. २१ ऑक्टोबरला भारतीय सैनिक जाफन्याच्या रुग्णालयात शिरले. त्या गोळीबारात साठाहून अधिक रुग्ण व कर्मचारी मरण पावले. मुंबईत जन्मलेले, महार रेजिमेंटचे मेजर रामस्वामी परमेश्वरन नोव्हेंबरमध्ये धारातीर्थी पडले. त्यांना मरणोत्तर परमवीरचक्र मिळाले. ज्यांच्या रक्षणासाठी सैन्य गेले, त्या तमिळांनाच ते परके वाटू लागले.

दक्षिणेत सिंहली राष्ट्रवादीही या सैन्याविरुद्ध पेटले. जयवर्धने यांच्यानंतर अध्यक्ष झालेल्या प्रेमदासांनी १९८९मध्ये शांतिसेनेला परत जाण्यास सांगितले आणि लिट्टेला शस्त्रेही पुरवली. २४ मार्च १९९०ला अखेरची तुकडी परतली, तोवर सुमारे १२०० भारतीय जवान प्राणांस मुकले होते. युद्ध २००९पर्यंत चालले.

जमेच्या बाजूला काहीच नाही, असे नव्हे. करारातून आलेली तेरावी घटनादुरुस्ती आणि प्रांतिक परिषदा आजही कायद्यात आहेत. तमिळ राजकारण अधिकारांच्या वाटणीची मागणी करताना त्यांचाच आधार घेते. पण ही जमेची बाजू सहीची आहे, बंदुकीची नव्हे. म्हणून असा निर्णय तोलताना हेतूआधी दोन गोष्टी पाहाव्यात. शस्त्रधारी पक्षांपैकी कोणाची संमती नाही? आणि त्याने नकार दिला, तर आपले सैन्य लढणार की परतणार? १९८७मध्ये दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर जवान जाफन्यात उतरल्यानंतर शोधावे लागले.