भयपटाचा छायाचित्रकार आणि संकलकही : जॉर्ज रोमेरो

हॉलिवूडपासून दूर, अमेरिकेतील पिट्सबर्ग शहरात १९६८ मध्ये प्रदर्शित झालेल्या ‘नाइट ऑफ द लिव्हिंग डेड’ या भयपटाचे दिग्दर्शक म्हणून जॉर्ज रोमेरो ओळखले जातात. मात्र या चित्रपटाचे छायाचित्रण आणि संकलनही त्यांनीच केले होते, याकडे सहसा लक्ष जात नाही.

रोमेरो यांची उमेदवारी जाहिरातपटांत झाली. सहकाऱ्यांसह स्थापन केलेल्या ‘लेटंट इमेज’ या संस्थेमार्फत ते जाहिराती आणि उद्योगांसाठी माहितीपट तयार करीत. मुलांसाठीच्या ‘मिस्टर रॉजर्स नेबरहूड’ या दूरचित्रवाणी मालिकेसाठीही त्यांनी लघुपट केले. थोड्या पैशांत, मोजक्या फुटेजमध्ये काम भागवण्याचे हे शिक्षण पुढे उपयोगी पडले.

पहिल्या चित्रपटाचा खर्च सुमारे १ लाख १४ हजार डॉलर होता. ३५ मिलिमीटरच्या कृष्णधवल फिल्मवर चित्रीकरण झाले. त्यामुळे पडद्यावर चॉकलेटचे सिरप रक्त म्हणून खपून गेले. शिवाय तिरक्या चौकटी आणि हाती धरलेल्या कॅमेऱ्यामुळे दृश्यांना वृत्तपटाचा भास आला. शेवट तर वृत्तपत्रातील छायाचित्रांसारख्या दाणेदार, स्थिर चित्रांवर होतो. नायक बेनचा मृत्यू प्रेक्षकाला बातमीसारखा दिसतो, आणि म्हणूनच तो अधिक अस्वस्थ करतो. हा परिणाम संकलनाच्या मेजावर साधलेला आहे.

या कष्टांचे मोल मात्र हातचे गेले. वितरकाने ‘नाइट ऑफ द फ्लेश ईटर्स’ हे मूळ नाव बदलले, तेव्हा शीर्षकपट्टीवरील स्वामित्वहक्काची सूचनाही गळाली. तत्कालीन अमेरिकी कायद्यानुसार अशी सूचना अनिवार्य होती. परिणामी चित्रपट सार्वजनिक मालकीचा झाला आणि कोणालाही त्याच्या प्रती विकण्याची मुभा मिळाली.

पुढे ‘डॉन ऑफ द डेड’ (१९७८) या चित्रपटात रोमेरो यांनी कॅमेरा मायकेल गॉर्निक यांच्याकडे सोपविला. संकलनाची कात्री मात्र सोडली नाही. अमेरिकेत त्यांची १२७ मिनिटांची आवृत्ती प्रदर्शित झाली. इंग्रजीतर देशांसाठी इटलीचे दारिओ आर्जेंतो यांनी त्याच चित्रीकरणातून वेगळी, अधिक वेगवान आवृत्ती सिद्ध केली. संकलनाने चित्रपटाची प्रकृती कशी पालटते, हे या दोन आवृत्त्या शेजारी ठेवून पाहता येते.

पहिल्या चित्रपटाचा १९९९ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत समावेश झाला. २०१६ मध्ये त्याची पुनर्संस्कारित प्रत दाखविण्यात आली. १६ जुलै २०१७ रोजी रोमेरो यांचे निधन झाले.