प्रारंभीच अडलेला खेळ

"भाऊ, गेम चालूच होईना गेलाय, नुसतं गोल फिरायलंय," ही तक्रार मराठवाड्यातील उमरीच्या बाजारपेठेतील मोबाइल दुरुस्तीच्या दुकानांपुढे वारंवार ऐकू येते. परंतु तिचा विचार म्हणून कोणी करीत नाही. व्हिडिओ गेम ही पोरांची बाब, तो न लागल्याने कोणाचे शेत पडीक राहत नाही की कोणाचा दाखला अडत नाही, असा वडीलधाऱ्यांचा समज असतो, आणि दुकानदाराला समोरचे गिऱ्हाईक लवकर मार्गी लावायचे असते. सबब उपाय ठरलेला: गेम काढून टाका आणि पुन्हा घ्या, तेवढ्यानेही न भागल्यास सगळा फोन कोरा करा. हा उपाय कधी लागू पडतो हे खरे. पण तो का लागू पडला हे ना दुकानदाराला कळते ना मुलाला, आणि ज्या वेळी तो लागू पडत नाही त्या वेळी दोषाचा जो काही माग मागे उरलेला असतो तोही त्याच्याबरोबर पुसला जातो. मला या प्रकाराचे मनापासून वाईट वाटते. कारण यंत्रापुढे बसून त्याची कैफियत नीट ऐकून घेण्याची सवय लागावी असा, मुलाला स्वतःहून हवासा वाटणारा प्रसंग तालुक्याच्या गावी याहून चांगला सापडणे कठीण.

गेमच्या चित्रावर बोट ठेवल्यापासून खेळाचे मैदान दिसू लागेपर्यंत यंत्राला जी कामे करावी लागतात ती एकामागून एक अशी बांधलेली असतात. साठवणीतील मूळ प्रोग्राम उचलून स्मृतीत आणणे, चित्रे रंगवणाऱ्या चिपशी संधान बांधणे, नकाशे, आवाज आणि पात्रे यांच्या मोठमोठ्या फायली शाबूत आहेत की नाहीत हे पडताळणे, दूरच्या सर्व्हरशी संपर्क साधणे, तेथे खेळाडूची ओळख पटवणे, आणि नवा मजकूर आला असल्यास तो उतरवून घेणे, अशी ही परंपरा आहे. आणि यांतील कोणत्याही एका कामाचा निकाल लागला नाही तर पुढचे काम हाती घेतले जात नाही. तहसील कचेरीत फेरफाराचा अर्ज अडला असता जाणता इसम दुसरा अर्ज लिहायला बसत नाही, पहिला कोणत्या टेबलावर आहे हे विचारतो; अडलेल्या गेमबाबत विचारायचा प्रश्नही हाच आहे. दुर्दैव एवढेच की आजच्या गेमच्या पडद्यावर या सर्व कामांच्या वतीने बहुधा फिरणारे एक वर्तुळ तेवढे दिसते, आणि ते वर्तुळ काम चालू असतानाही फिरते व काम ठप्प असतानाही फिरते.

पूर्वी असे नव्हते. ब्रिटनमध्ये 1982 साली निघालेला सिंक्लेअर स्पेक्ट्रम हा घरगुती संगणक त्या दशकाच्या उत्तरार्धात पुण्याच्या डेसिबेल्स इलेक्ट्रॉनिक्स या कंपनीने परवाना घेऊन ‘डीबी स्पेक्ट्रम प्लस’ या नावाने भारतात विकायला आणला, आणि महाराष्ट्रातील काही मध्यमवर्गीय घरांत संगणक म्हणून पहिल्यांदा आला तो हाच. त्याची स्मृती 48 किलोबाइटची. आणि खेळ येत असे तो गाणी ऐकण्याच्या साध्या ध्वनिफितीवर. टेपरेकॉर्डरची तार संगणकाला जोडायची, हुकूम द्यायचा, टेप सुरू करायची आणि चार-पाच मिनिटे वाट पाहायची. या काळात जे घडे ते सारे डोळ्यांना दिसे आणि कानांना ऐकू येई. आधी एक संथ, अखंड सूर लागे आणि पडद्याच्या कडेला तांबडे व आकाशी पट्टे सरकू लागत. मग सूर तुटून कर्कश चिरचिर सुरू होई आणि पट्टे निळे-पिवळे होत. फितीवरील खेळाचे नाव पडद्यावर उमटे. आणि त्यानंतर खेळाचे मुखचित्र ओळीओळीने भरत जाई. माहितीच्या प्रत्येक गठ्ठ्याच्या शेवटी पडताळणीचा एक बाइट असे. आधीच्या सर्व बाइटांची ठराविक रीतीने मिळवणी करून जो आकडा येई तो या बाइटाशी जुळला नाही, तर यंत्र आडपडदा न ठेवता सांगून टाकी की फीत वाचण्यात चूक झाली आहे.

त्यामुळे निदानाला जागा मिळे. पट्टेच उमटले नाहीत, तर तार सैल आहे किंवा टेपचा आवाज कमी आहे. तांबडे-आकाशी पट्टे आले पण नाव उमटले नाही, तर सूर पोचतो आहे परंतु अक्षरे लागत नाहीत. म्हणजे बहुधा टेपरेकॉर्डरचे हेड फितीशी काटकोनात राहिलेले नाही. अशा वेळी हेडच्या बाजूचा बारीक स्क्रू पेचकसाने केसभर इकडे, केसभर तिकडे फिरवायचा आणि फितीचा आवाज सर्वांत तीक्ष्ण जेथे ऐकू येईल तेथे थांबायचे. नाव उमटले, अर्धे चित्रही भरले आणि मग चूक निघाली, तर हेड व तार निर्दोष. फीतच त्या ठिकाणी चुरगळलेली अथवा ताणलेली. दहा-बारा वर्षांचा मुलगा हे सारे कोणी न शिकवता शिके. कारण यंत्र आपली प्रत्येक पायरी त्याच्यापुढे उघड मांडीत असे.

नव्वदच्या दशकात नांदेड-लातूरकडच्या घरांत टीव्हीला जोडायचे जे व्हिडिओ गेम आले, ते निंटेंडो या जपानी कंपनीच्या 1983 सालच्या यंत्राच्या नकला होते, आणि त्यांची ‘कॅसेट’ ही वस्तुतः कॅसेट नसून प्लास्टिकच्या डबीत बसवलेली सर्किटची पाटी होती. गेम लागला नाही की कॅसेट उपसून तिच्या दातांवर जोराने फुंकर मारायची, ही रीत गल्लोगल्ली एकच होती. फुंकरीने धूळ थोडी उडत असेल. पण गुण येई तो मुख्यतः कॅसेट पुन्हा बसवल्यामुळे, कारण त्या घर्षणाने दातांवरचा मळ खरवडला जाऊन स्पर्श नव्याने जुळे. तोंडाच्या वाफेतील ओलाव्याने दात कालांतराने गंजतात, म्हणून निंटेंडो कंपनीनेही फुंकर मारू नका असे बजावले होते. स्पिरिटमध्ये भिजवलेला कापूस हा त्यावरचा खरा इलाज. येथेही पडदा काही सांगत असे: टीव्हीवर नुसत्या मुंग्या दिसत असतील तर दोष चॅनेल लावण्यात किंवा तारेत, आणि मुंग्या जाऊन पडदा एकरंगी झाला पण खेळ नाही, तर दोष बहुधा कॅसेटच्या दातांत.

आता हातातील फोनकडे वळू. त्यात दिसण्यासारखे काही उरलेले नाही, म्हणून परीक्षा आपणच घ्यावी लागते, आणि तिचा नियम असा की एका वेळी एकच गोष्ट बदलावी. सर्वांत आधी सेटिंगमध्ये जाऊन साठवणीत किती जागा मोकळी आहे ते पाहावे. लग्नाच्या चित्रफिती आणि व्हॉट्सॲपवर साचलेले हजार निरोप यांनी फोन काठोकाठ भरला असेल, तर नव्याने आलेला नकाशा उतरवून घ्यायला गेमला जागाच मिळत नाही आणि तो तेथेच घुटमळत राहतो. त्यानंतर मित्राच्या फोनवरून हॉटस्पॉट घेऊन, शक्यतो त्याचे सिम दुसऱ्या कंपनीचे असताना, गेम उघडून पाहावा. लागला तर आपला फोन निर्दोष आणि दोष नेटवर्कचा, न लागला तर नेटवर्कला बोल लावण्याचे प्रयोजन उरत नाही. या एका मिनिटाच्या प्रयोगाने तपासाचा निम्मा मुलूख बाद होतो, आणि तरीही तो करताना मी फार थोड्या जणांना पाहिले आहे. मराठवाड्याच्या उन्हाळ्यात, पारा चाळिशीपार गेलेला असताना, चार्जरला लावलेल्या फोनवर गेम उघडू पाहणाऱ्याने आणखी एक ध्यानात ठेवावे: तापलेला फोन स्वतःच्या रक्षणासाठी आपला वेग हेतुतः कमी करतो, आणि जे काम सकाळी अर्ध्या मिनिटात होते ते दुपारी रेंगाळते. चार्जर काढून फोन सावलीत थंड होऊ देणे हा त्यावरचा उपाय आहे.

फोनचे घड्याळ चुकलेले असणे हे कारण तर कोणाच्या मनातही येत नाही. सर्व्हरशी संभाषण सुरू करण्यापूर्वी गेम त्याचे प्रमाणपत्र तपासतो, आणि त्या प्रमाणपत्रावर मुदतीचा आरंभ व अखेर लिहिलेली असते. आपल्या यंत्राची तारीख काही वर्षे मागे गेली असेल, तर त्याच्या हिशेबी ती मुदत अद्याप सुरूच झालेली नसते आणि ते बोलणे नाकारते. जुन्या डेस्कटॉप संगणकांत हे विशेष घडते. त्यांच्या मदरबोर्डवर सीआर 2032 ही नाण्याएवढी सेल असते, तिच्या बळावर वीज नसतानाही घड्याळ चालते, आणि सेल संपली की वीज गेल्यावर तारीख मागे जाऊन कुठल्या तरी जुन्या वर्षावर येते. वीज वारंवार जाणाऱ्या गावी रोज सकाळी हीच गत. स्वस्तातली ती सेल बदलावी आणि तारीख नीट लावावी. गेमला हात लावण्याची गरज नसते.

दोष पलीकडच्या टोकालाही असू शकतो, आणि तेथे आपल्या हातचे उपाय नुसते निरुपयोगी नसतात, नुकसानीचेही ठरतात. केंद्र सरकारने 2 सप्टेंबर 2020 रोजी 118 ॲप्सवर बंदी घातली, तीत पबजी मोबाइल होता. स्टोअरवरून तो गेला. परंतु ज्यांच्या फोनमध्ये तो आधीच होता त्यांना तो पुढेही काही आठवडे खेळता येत होता, कारण भारतीय खेळाडूंसाठी सर्व्हर बंद झाले ते 30 ऑक्टोबरला. पुढे 2 जुलै 2021 रोजी त्याचाच भारतीय अवतार बीजीएमआय अधिकृतपणे आला, 28 जुलै 2022 रोजी तोही स्टोअरवरून हटवला गेला आणि मे 2023 मध्ये परतला. मधल्या काळात पुन्हा तीच अवस्था, की फोनमधला गेम सर्व्हरशी बोलत होता पण नव्याने मिळत नव्हता. अशा काळात किरकोळ अडथळ्यासाठी ज्याने ‘काढा आणि पुन्हा घ्या’ हा ठरीव उपाय केला, त्याच्या हातचा चालता गेम गेला आणि अधिकृत मार्गाने परत मिळण्याची सोय राहिली नाही. म्हणून काही काढून टाकण्याआधी तीच वस्तू स्टोअरवर अजून आहे का आणि शेजारच्या मुलाच्या फोनवर तोच गेम या घटकेला लागतो का, ही चौकशी करावी. सर्वांचाच अडला असेल तर सर्व्हरची दुरुस्ती चालू आहे असे समजून स्वस्थ बसावे.

याच ओघात एक सावधगिरी कळकळीने सांगतो. फोनच्या सेटिंगमध्ये ‘कॅश’ पुसण्याची आणि ‘डेटा’ पुसण्याची अशी दोन बटणे जवळजवळ असतात. कॅश म्हणजे पुन्हा सहज तयार होणारी तात्पुरती सामग्री. ती पुसल्याने काही बिघडत नाही, आणि अर्धवट उतरलेली एखादी फाइल तीत अडकली असेल तर गेम सुरळीतही होतो. डेटा पुसला मात्र गेमचे सारे दप्तरच जाते. आणि मुलगा जर ‘गेस्ट’ म्हणून, कोणतेही खाते न जोडता खेळत असेल, तर वर्षभराची त्याची कमाई कोणत्याही सर्व्हरवर त्याच्या नावे परत मागता येत नाही. असे झाल्यावर मुलाचा जो चेहरा होतो तो ज्यांनी पाहिला आहे ते त्याला पोरखेळ म्हणणार नाहीत. गेम चालू अवस्थेत असतानाच तो खात्याशी जोडून ठेवावा.

संगणकावरील जुन्या गेमांची कथा थोडी वेगळी. सीडीवर आलेल्या कित्येक गेमांत नक्कल रोखण्यासाठी सेफडिस्क नावाची व्यवस्था होती, आणि तिचा एक भाग खुद्द विंडोजच्या अंतरंगात बसे. 2015 साली विंडोज 10 आले तेव्हा सुरक्षिततेच्या कारणास्तव मायक्रोसॉफ्टने त्या भागाला थारा दिला नाही. परिणामी अस्सल, पैसे मोजून घेतलेली सीडीदेखील घरघर फिरते आणि गेम उघडत नाही. येथे संगणक दहा वेळा कोरा केला तरी फरक पडणार नाही.

निरीक्षणाने काय साधते याचे एक उदाहरण मात्र सविस्तर सांगण्याजोगे आहे. जीटीए ऑनलाइन हा 2013 साली निघालेला गेम सुरू व्हायला मिनिटेच्या मिनिटे लागत, आणि जगभरचे खेळाडू याचा दोष आपल्या संगणकाला वा इंटरनेटला देऊन मोकळे होत. 2021 च्या फेब्रुवारीअखेर टोपणनावाने लिहिणाऱ्या एका प्रोग्रामरने टास्क मॅनेजर ही यंत्राच्या चालू कामांचे आकडे दाखवणारी खिडकी उघडून नुसते पाहिले. त्याच्या संगणकावर सहा मिनिटे लागत होती. पहिल्या मिनिटानंतर डिस्क शांत, नेटवर्क शांत, आणि प्रोसेसरचा एकच गाभा पूर्ण शक्तीने राबत होता. म्हणजे गेम कशाचीही वाट पाहत नव्हता, तो काम करीत होता. कोणते काम, याचा माग काढता असे आढळले की सुमारे 10 मेगाबाइटची, विक्रीच्या वस्तूंच्या 63 हजारांच्या आसपास नोंदी असलेली एक यादी तो वाचत होता, आणि प्रत्येक तुकडा वाचताना उरलेल्या सबंध मजकुराची लांबी नव्याने मोजत होता. शिवाय प्रत्येक नोंद दुबार तर नाही ना हे पाहण्यासाठी आधीच्या सर्व नोंदींशी ताडत होता. प्रोग्रामची मूळ संहिता (सोर्स कोड) हाती नसतानाही त्याने या दोन ठिकाणी दुरुस्ती बसवली आणि सहा मिनिटांची एक मिनिट पन्नास सेकंद झाली. गेम बनवणाऱ्या रॉकस्टार कंपनीने निदान मान्य केले, त्याला 10 हजार डॉलर दिले, आणि मार्चमध्ये ती दुरुस्ती सर्वांसाठी पाठवली.

तीच खिडकी आपल्या विंडोज संगणकावरही कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप ही तीन बटणे एकदम दाबली असता उघडते. अडलेल्या गेमच्या ओळीत प्रोसेसर, डिस्क किंवा नेटवर्क यांपैकी एकाचाही आकडा हलत असेल तर गेमला अवधी द्यावा. पहिल्यांदा उघडताना किंवा नवी आवृत्ती आल्यावर कित्येक गेम चित्रांची पूर्वतयारी करीत बराच वेळ घेतात. दहा मिनिटे सर्व आकडे शून्याशी निपचित पडून असतील तर तो बंद करावा, आणि बंद करण्यापूर्वी पडद्यावरील टक्केवारी, एखादा त्रुटिक्रमांक आणि घड्याळातील वेळ कागदावर टिपून घ्यावी. दुसऱ्या खेपेस तो त्याच आकड्यावर थांबला तर दोष बहुधा एखाद्या ठराविक फाइलचा, आणि दर खेपेस निराळ्या आकड्यावर थांबत असेल तर आधी नेटवर्ककडे आणि तापलेल्या यंत्राकडे पाहावे.