सिथेरा बेटाची यात्रा

इ. स. १७१५ मध्यें चौदावा लुई मरण पावला आणि फ्रान्समधील त्याच्या बहात्तर वर्षांच्या राजवटीची करडी शिस्त एकाएकीं सैल पडली. नवा राजा अवघा पांच वर्षांचा. दरबारी शिष्टाचाराला कंटाळलेले उमराव व्हर्साय सोडून पॅरिसला परतले आणि आपलीं घरें नव्यानें सजवूं लागले. भव्य दालनें मागें पडून बैठकीच्या लहान, उबदार खोल्या आल्या. भिंतींवर शिंपल्यांचीं व वेलींचीं वळणें खेळूं लागलीं. शिंपल्यांच्या या नक्षीला 'रोकाय' म्हणत. त्यावरूनच पुढें शैलीला 'रोकोको' हें नांव पडलें, तेंहि थट्टेनें!

या विलासी जगाचा पहिला मोठा चित्रकार अँत्वान वातो हा मात्र घरांचीं छपरें शाकारणाऱ्याचा मुलगा. १७१७ सालीं त्यानें 'सिथेराची यात्रा' हें चित्र अकादमीला सादर केलें. सिथेरा म्हणजे प्रेमदेवता व्हीनसचें बेट. अकादमीच्या ठराविक वर्गांत असलें चित्र बसेना, तेव्हां दप्तरांत त्याची नोंद 'विलासोत्सव' अशा अर्थाच्या शब्दांनीं झाली. उजवीकडे गुलाबांनीं वेढलेली व्हीनसची मूर्ति. तिच्यापाशीं एक जोडपें अजून कुजबुजत बसलें आहे. दुसरें उठूं पाहत आहे. तिसऱ्यांतील स्त्री निघतां निघतां मागें वळून पाहते. खालीं नौका सज्ज आहे. हीं माणसें बेटाकडे निघालीं आहेत, असेंच दीर्घकाळ मानलें जाई. पण मूर्ति तर येथेंच आहे. मग जावयाचें कोठें? तीं परत चाललीं आहेत, असें मायकेल लेव्ही या इंग्रज अभ्यासकानें १९६१ सालीं मांडलें. त्या स्त्रीच्या मानेचें वळण पाहिलें कीं तेंच खरें वाटतें. दीर्घ आजारानें खंगलेला वातो १७२१ मध्यें, वयाच्या छत्तिसाव्या वर्षीं वारला.

फ्रागोनारच्या 'झोपाळ्या'वर (सुमारें १७६७) ही हुरहूर नाहीं. गुलाबी रेशमांतील तरुणीची सपात हवेंत उडते, झुडपांतून प्रियकर टक लावून पाहतो, आणि मागें सावलींत बसलेला वृद्ध निमूटपणें दोर ओढतो. कसब विलक्षण; पण चित्रांतील कोणालाहि संध्याकाळ होणार असल्याची जाणीव दिसत नाहीं.

संध्याकाळ चित्रकारालाच आधीं गांठून गेली. पंधराव्या लुईची प्रेयसी मादाम द्यु बारी हिच्या लुव्हसिएन येथील विलासमंडपासाठीं फ्रागोनारनें प्रेमक्रीडेचीं चार मोठीं चित्रें रंगविलीं. तिला तीं नकोशीं झालीं; अभिरुचि बदलली होती, त्यांच्या जागीं व्हिएंचीं ग्रीक धाटणीचीं चित्रें लागलीं. १७९३ च्या डिसेंबरांत गिलोटिनखालीं तिचा शिरच्छेद झाला. नाकारलेलीं चित्रें तेव्हां दूर दक्षिणेस, ग्रास गांवीं, फ्रागोनारच्या एका नातलगाच्या भिंतीवर टांगलेलीं होतीं.