निरीक्षणात्मक माहितीपट

पूर्वी चित्रपटगृहांत मुख्य चित्रपटाआधी फिल्म्स डिव्हिजनचे माहितीपट दाखवले जात. त्यांत निवेदकाचा आवाज प्रत्येक दृश्याचा अर्थ समजावून सांगत असे. निरीक्षणात्मक माहितीपटात बहुधा असा निवेदक नसतो. १९६० च्या सुमारास खांद्यावर घेता येणारे हलके कॅमेरे आणि चित्राबरोबरच आवाज टिपणारी सुटसुटीत यंत्रे आली. त्यामुळे दिग्दर्शकाला माणसांच्या नित्याच्या जगण्याजवळ जाता आले. तो प्रसंग घडवून आणत नाही, तो घडण्याची वाट पाहतो.

शर्ली अब्राहम आणि अमित मधेशिया यांचा 'द सिनेमा ट्रॅव्हलर्स' (२०१६) हा याचा उत्तम नमुना होय. महाराष्ट्रातील जत्रांमध्ये तंबू ठोकून चित्रपट दाखवणाऱ्या फिरत्या टॉकीजचे चित्रण त्यांनी अनेक वर्षे केले. जुनाट ट्रक, कुरकुरणारे प्रोजेक्टर, ते दुरुस्त करणारा कारागीर आणि प्रेक्षकांची वाट पाहणारे मालक त्यात दिसतात. याच काळात रिळे मागे पडून डिजिटल प्रोजेक्टर आले. 'हा व्यवसाय संकटात आहे' असे निवेदक सांगत नाही. मालकांची धडपड पाहून ते आपल्याला उमगते. २०१६ च्या कान महोत्सवात या माहितीपटाचा विशेष गौरव झाला.

तथापि, असा माहितीपट म्हणजे निव्वळ आरसा नव्हे. कॅमेरा कोठे रोखावा आणि कोणते दृश्य वगळावे, हे दिग्दर्शकच ठरवतो. म्हणून तो पाहताना 'काय दाखवले नाही?' असाही प्रश्न आपण विचारावा. तरीही त्याचे मोल मोठे आहे. तंबूतील या कष्टांची नोंद एरवी क्वचितच कोणी ठेवली असती.